शेवट नसलेली आवृत्ती

माझ्या लहानपणी बाबांनी पोतंभर रद्दी देऊन ढगांच्या राज्यात गेलेल्या मुलीची कादंबरी आणली. सोव्हिएत काळात चांगली पुस्तकं रद्दीवरच मिळायची. घरी आल्यावर कळलं, छापखान्यात शेवटची पानं शिवायचीच राहिली होती. बदलून कोण देणार? मग शेवट बाबाच सांगायचे. मुलगी घरी परतते आणि बिटाचं सूप ढवळत तिचा बाप म्हणतो, ‘आलीस? बस जेवायला.’ बाबा गेल्यापासून आमच्या कौनास शहराच्या बाजारात दिसेल ती आवृत्ती मी घेत आलेय. एकीतही मुलगी परतत नाही. आज पुन्हा एक उचलली. “आवृत्ती बदलली म्हणून गोष्ट बदलते होय, पोरी?” पुस्तकवाले रिमांतासकाका हसले. “ही लेकीसाठी,” मी म्हटलं. “तुमचा चाकू द्या जरा.” मी शेवटची पानं अलगद कापून त्यांच्या हातात ठेवली. “अगं, शेवटच काढलास की.” “असू दे, काका. शेवट आमच्याकडे बाबा सांगतात.”