तासभर मागे

आमच्या जेजू बेटावर काळ तासभर मागे फिरवण्याची विद्या आली, त्या वर्षीची गोष्ट. बोंगसिकची बायको मालसुन शिंपले काढायला समुद्रात उतरली, ती वर आलीच नाही.

बोंगसिक पाच वेळा तासभर मागे गेला. तिचा पाणचष्मा लपवला, पोटदुखीचं सोंग घेतलं, कडाकडा भांडला. दर वेळी ती गेलीच. सहाव्यांदा तो दार अडवून रडकुंडीला येऊन ओरडला, "अगं, बुडून मरशील आज! किती वेळा सांगू?"

मालसुनने त्याला हलकेच बाजूला सारलं.


"ठाऊक आहे, अहो. मीही चारदा मागे आलेय. मी घरी थांबले, की पाण्यात गेलेली आपली लेक जाळ्यात अडकून मरते."