हातवाली

मोलकरणीपासून न्यायाधीशापर्यंत सगळ्या भूमिका कोळून प्यायलेल्या म्हाताऱ्या नटीला आज फक्त हातांसाठी बोलावलं होतं. साठीतल्या नायकाच्या आईचं काम तिशीतल्या पोरीला मिळालेलं; चेहऱ्यावर मेकअपच्या सुरकुत्या चढल्या, हातांवर टिकेनात. "मावशी, तोंडावर पांघरूण घ्या, चेहरा नकोय," दिग्दर्शक म्हणाला. तिनं ते डोक्यावरून ओढून घेतलं. नायकानं तिचे हात धरले. त्यांवर अश्रू पडायचे होते. तीन टेक झाले तरी डोळे कोरडेच. पहिल्या सिनेमापासून त्याची हीच रड. तेव्हा पडद्यावर त्याची आई तीच असायची. हळूच त्याच्या तळहाताला चिमटा काढायची, डोळे भरायचे, टाळ्या त्याला मिळायच्या. "हे आपल्यातच राहू दे, आई," तो म्हणायचा. चौथ्या टेकला सवयीनं तिनं चिमटा काढला. थेंब टपकला. पांघरुणाखाली ती हसली. आता तो ओळखणारच. 'कट'नंतर त्यानं हात झटकले. "ही हातवाली बदला. चिमटे काढते."