पहिला श्रोता

“माळ्यानंच मारलं!” दहाव्या वर्षी रचलेली माझी खुनाची गोष्ट ऐकताना शिलाई मशीनवरून आलेला बाबांचा आवाज अजून कानात आहे. साफ चूक! मी दुकानभर नाचले. पुढे मी रहस्यमालिका लिहू लागले, तरी प्रत्येक भाग आधी बाबांना वाचून दाखवायचा आणि त्यांनी भलत्यालाच पकडायचं, हे ठरलेलं. आई म्हणायची, “यांना पोलिसात घेतलं असतं, तर चोर सुखानं म्हातारे झाले असते!” महिन्यापूर्वी वाहिनीनं बजावलं, “प्रेक्षक खुनी आधीच ओळखतात. यावेळीही ओळखला, तर मालिका बंद.” पुढचा भाग सातदा लिहून आज दुकानात वाचला. “सांगा, कोण?” “डॉक्टरची बायको.” “चूक!” मशीन थांबवून बाबा खुदकन हसले. “पोरी, आजवर तुझा प्रत्येक खुनी मी पहिल्या पाच मिनिटांत ओळखला. तू नाचायचीस, म्हणून मुद्दाम चुकायचो. आज मात्र खरंच चुकलो.”