तिघी वाईच्या

"दोनशे चाळीस दिवस सलग भरले तरच परमनंट करतात, साहेब. इथे तर वर्षात तीन वेगळ्या बायका आहेत!" बिस्किट कंपनीच्या वकिलाने कामगार न्यायालयात हजेरीपट नाचवला. "कमलबाई, सुमनबाई, शांताबाई!"

"तिघीही मीच की! मुकादम दर चार महिन्यांनी माझं नाव बदलायचा," ऋतुजाची आई पिंजऱ्यातून ओरडली.

"पुरावा?"

मागच्या बाकावर नववीतल्या ऋतुजाने डोळे गच्च मिटले. आज हरलो तर आई जन्मभर टेंपरवारीच राहणार होती.

न्यायाधीशबाईंनी हजेरीपटावरच्या सह्या चष्म्याजवळ नेल्या आणि त्या चक्क हसल्या. "वकीलसाहेब, या तिघी वाईच्या आहेत का हो? कमलवाई, सुमनवाई, शांतावाई. एकीच्याही 'ब'च्या पोटात रेघ नाही!"

कोर्टात खसखस पिकली. ऋतुजाचे कान तापले. पहिलीत असताना आईला अक्षरं तिनेच शिकवली होती आणि तेव्हा ती स्वतःच ती रेघ विसरायची. शिकवणारीच विसरभोळी, तर शिकणारी काय करणार!

न्यायाधीशबाईंनी आईपुढे कोरा कागद ठेवला. "तुमचं खरं नाव लिहा."

आईने सावकाश लिहिलं, 'हौसावाई खंदारे'.

"हात एकच आहे. दोनशे चाळीस कधीच भरलेत. यांना कायम करा," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "आदेशासाठी पूर्ण नाव सांगा, बाई."

आई इतकी खणखणीत बोलली, की बाहेरचा शिपाईसुद्धा आत डोकावला. "हौसाबाई तुकाराम खंदारे! आणि ती मागे बसलीय ना, ती माझी मास्तरीण!"

लाजायचं सोडून ऋतुजा ताठ उभी राहिली.