पेठेतला पहिला फ्रीज

“बर्फासारखं गार पन्हं! फ्रीज कधी घेतलासा, वहिनी?” चैत्राच्या हळदीकुंकवाला शेजारणीनं विचारलं. कोल्हापुरात, आमच्या पेठेतला तो पहिलाच फ्रीज.

“आम्ही कुठला घेतोय! नव्या कॉलेजनं दिलाय, आमच्या सर्जेरावनं त्यांच्याकडनं फुटबॉल खेळावा म्हणून,” आई कौतुकानं म्हणाली. मी चिमटा काढेपर्यंत उशीर झाला. समोर सर्जेदादाच्या जुन्या कॉलेजच्या कोचची बायको बसली होती.

आठवड्यात विद्यापीठाकडे तक्रार झाली, आमिष घेऊन कॉलेज बदलल्याची. नव्या कॉलेजनं हात झटकले. दादावर दोन वर्षं बंदी आली. विद्यापीठाच्या संघातली जागाही गेली.

आईला मात्र त्यानं “गुडघा दुखावलाय” एवढंच सांगितलं. पेठेतही कुणी तिच्यापाशी तोंड उघडलं नाही.

मॅचच्या दिवशी मैदानावरची आरोळी घरापर्यंत यायची. दादा ताडकन उठून दाराकडे धावायचा. आई दिसली की तिथूनच लंगडायला लागायचा.