उत्तरपूजा

गुरुग्रामच्या शेडमध्ये उल्काने चार महिने खपून टेबलाएवढं गाव उभारलं होतं, सिनेमातल्या पुरात बुडवण्यासाठी. दुसरं गाव नव्हतं, त्यामुळे शॉटही एकच. पाणी सुटलं, घरं कोसळली, शेवटी देऊळ गेलं. टाळ्या वाजल्या. मग पडद्यावर बघताना कॅमेरामन म्हणाला, “मॅडम, मंदिर के साथ ये लाल शामियाना किसका बह रहा है?” शामियाना नव्हता, जास्वंदीचं फूल होतं, कळसापेक्षा मोठं. डबा घेऊन आलेल्या सासूबाईंवर उल्का कडाडली, “आई, फूल तुम्ही वाहिलंत? सगळी मेहनत पाण्यात गेली!” त्या हळूच म्हणाल्या, “गणपती तूच बसवलास ना देवळात? उत्तरपूजेशिवाय देव बुडवतात का गं?”  धुमसतच उल्काने पुन्हा गाव रचलं. अखेर चिमट्यात धरून लाल कागदाचं तांदळाएवढं फूल कातरलं आणि सासूबाईंपुढे धरलं. “घ्या. करा पूजा.”