निरोपाचा ग्रुप फोटो

"हिला कुणी बोलावलं मधी?" बन्सीधर बाबू फोटोग्राफरच्या कानाशी कुरकुरले.

बोलावलं होतं खुद्द साहेबांनी. बोरी रस्त्यावरच्या रोपवाटिकेत त्यांचा निरोप समारंभ होता. मन भरून आलं होतं, म्हणून त्यांनी रोजंदारीवरच्या कडूबाईला हाताला धरून आपल्या शेजारी उभं केलं. नोकरीत कायम करा म्हणून तिची कामगार कोर्टात केस चालू होती. पण निरोपाच्या दिवशी असलं कुणाला आठवतं?

"कडूबाई, उन्हात डोळे मिटतील तुमचे. सावलीत बसा," बाबू म्हणाले.

"जलम उन्हातच गेला की, बाबू."

"तसं न्हाई, फोटोत एवढी माणसं मावणार न्हाईत."

"मावायलेत की!" फोटोग्राफर म्हणाला. "अजून दोघं येऊ द्या."

"मग चहाचं तरी बघा जरा, कडूबाई."

"समद्यांचा पिऊन झाला. कप बी धुवून ठिवले."

आता साहेबांनाही काहीतरी आठवलं. ते गळ्यातला हार नीट करू लागले. सगळा स्टाफ वाफ्यातल्या रोपांकडं बघू लागला. इतक्या मायेनं त्या रोपांकडं आजवर कुणी पाहिलं नव्हतं.

कडूबाईनं पदर सारखा केला, पण जागची हलली नाही.

"बाबू, त्या फोटोवाल्याला कशाला कोड्यात टाकायलाव? सरळ सांगा की, ही बाई इथं कधी कामालाच नव्हती, असं साहेबांनी कोर्टात लिहून दिलंय."